युद्धकाळ, कायदा आणि ए. जी. नूरानी

(तुंगार्ली, लोणावळा येथील अभ्यासवर्गात झालेले व्याख्यान)



तुंगार्लीच्या या तळ्यावरून राजमाचीची वाट पुढे जाते. गावाच्या दुसऱ्या अंगाला, रेल्वेचे रूळ ओलांडून भुशी धरणाकडे निघाले, म्हणजे एक मोठे आवार लागते. त्याला जहाजाचे नाव आहे : आय. एन. एस. शिवाजी. १५ फेब्रुवारी १९४५ रोजी, ब्रिटिश अमदानीत सुरू झालेली ही नौदलाची अभियांत्रिकी शाळा. समुद्र घाटाखाली राहिला, तरी नौदलाच्या रूढीप्रमाणे जमिनीवरच्या आस्थापनेसही जहाजाचेच नाव दिले जाते. या नावाने कोणाचे काही बिघडत नाही. पावसाळ्यात येथे येणाऱ्या मुंबईकरास त्याचे कौतुकच वाटते.

परंतु राज्यसंस्था वस्तूंना जी नावे देते, ती सगळीच इतकी निरुपद्रवी नसतात. सैन्याच्या तुकड्या रणगाड्यांसह एखाद्या संस्थानात शिरतात आणि त्यास 'पोलीस कारवाई' असे नाव पडते. एखाद्या माणसास आरोप न ठेवता, खटला न चालवता दोन दोन वर्षे डांबले जाते आणि त्यास 'प्रतिबंधक' उपाय म्हणतात. लढाई थांबून पाच वर्षे लोटतात आणि कागदोपत्री 'बाह्य आक्रमण' चालूच असते. अशा प्रत्येक नावापाशी थांबून, 'हे कोणत्या कलमाखाली? कोणत्या कागदाच्या आधारे?' असे विचारीत राहणे, हा मुंबईच्या एका वकिलाचा सुमारे साठ वर्षांचा उद्योग होता. त्या वकिलाचे नाव अब्दुल गफूर नूरानी.

१६ सप्टेंबर १९३० रोजी मुंबईत त्यांचा जन्म झाला. सेंट मेरीज शाळा, नंतर शासकीय विधी महाविद्यालय आणि त्यानंतर मुंबई उच्च न्यायालयात वकिली असा त्यांचा मार्ग होता. सर्वोच्च न्यायालयातही ते उभे राहत. शेख अब्दुल्लांच्या प्रदीर्घ कारावासात त्यांनी त्यांचे वकीलपत्र घेतले होते. २९ ऑगस्ट २०२४ रोजी मुंबईतच त्यांचे निधन झाले. विद्यापीठातील अध्यासन त्यांच्या वाट्यास आले नाही. 'फ्रंटलाइन', 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली' आणि पाकिस्तानातील 'डॉन' या पत्रांतून त्यांनी जे अखंड लेखन केले आणि जी पुस्तके लिहिली, त्यांवरच त्यांची विद्वत्ता उभी आहे. सीमाप्रश्न, काश्मीर, हैदराबाद, राजकीय खटले, मंत्र्यांची गैरवर्तणूक असे त्यांचे विषय वरवर पाहता विखुरलेले दिसतात. त्यांतले सूत्र मात्र एकच आहे. राष्ट्र संकटात आहे असे सांगून जो अधिकार घेतला जातो, त्याचा हिशेब संकट संपल्यावर कोण मागणार?

हा प्रश्न त्यांना पुस्तकातून सुचला असे म्हणवत नाही. त्यांची लेखणी ज्या वर्षांत घडली, ती वर्षेच तशी होती. चीनचे आक्रमण झाले आणि २६ ऑक्टोबर १९६२ रोजी देशात आणीबाणी पुकारली गेली. २१ नोव्हेंबरला चीनने एकतर्फी युद्धबंदी केली. म्हणजे लढाई, मधल्या खंडासकट धरली तरी, महिनाभराची. आणीबाणी मात्र उठली १० जानेवारी १९६८ रोजी. मधल्या सव्वापाच वर्षांत भारत संरक्षण कायदा व त्याखालील नियम यांचा जो वापर झाला, त्याचा चिनी सैन्याशी असलेला संबंध उत्तरोत्तर क्षीण होत गेला. या नियमांखाली स्थानबद्ध झालेल्या माणसास मूलभूत हक्कांचा आधार घेऊन न्यायालयात जाता येत नव्हते. १९६३ च्या मखनसिंग खटल्यात, मूळचे साताऱ्याचे असलेल्या न्या. गजेंद्रगडकरांनी लिहिलेल्या निकालाने हा दरवाजा बंद झाल्याचे मान्य केले. एक फट तेवढी ठेवली : आदेश दुष्ट हेतूने काढलेला असेल किंवा कायद्याच्याच अटी मोडणारा असेल, तर दाद मागता येईल.

त्या फटीतून जे दोन निकाल बाहेर आले, ते मराठी वाचकाने मुळातून समजून घ्यावेत असे आहेत.

प्रभाकर पांडुरंग संझगिरी हे मुंबईचे कम्युनिस्ट कार्यकर्ते. भारत संरक्षण नियमांखाली ते मुंबईच्या तुरुंगात स्थानबद्ध होते. तुरुंगात बसून त्यांनी परवानगीने एक पुस्तक लिहिले. पुस्तक मराठीत, आणि विषय अणुविज्ञान. 'अणूच्या अंतरंगात' हे त्याचे नाव. प्रकाशित करण्यासाठी हस्तलिखित बाहेर पाठविण्याची अनुमती त्यांनी १९६३ साली राज्य सरकारकडे मागितली. २७ मार्च १९६४ रोजी सरकारने ती नाकारली. मग त्यांनी आर्थर रोड तुरुंगाच्या अधीक्षकांकडे अर्ज केला. तोही फेटाळला गेला. उच्च न्यायालयाने अनुक्रमणिका पाहिली आणि हे निव्वळ शास्त्रीय पुस्तक आहे, याने देशाच्या संरक्षणास बाधा येण्याचा संभव नाही, असा निर्वाळा दिला. एवढ्यावर प्रकरण मिटावयास हवे होते. परंतु महाराष्ट्र सरकार अपिलात गेले. लोकांना अणुविज्ञान समजावून देणारे पुस्तक तुरुंगाच्या भिंतीआड राहावे यासाठी राज्य सरकारने दिल्लीपर्यंत वकील उभे केले. सरकारची बाजू अशी की, स्थानबद्धतेच्या नियमांत ज्या सवलती नमूद आहेत तेवढ्याच स्थानबद्धास मिळतील, आणि पुस्तक प्रसिद्ध करण्याची सवलत त्यांत नाही. न्या. सुब्बा राव यांनी हा युक्तिवाद त्याच्या शेवटापर्यंत नेऊन दाखविला : मग नियमांत जेवण देण्याची अट नसती, तर स्थानबद्धास उपाशी मारता आले असते काय? हस्तलिखित बाहेर पाठवावे, असा निर्णय कायम झाला. तारीख होती ६ सप्टेंबर १९६५. त्याच दिवशी भारतीय सैन्य लाहोर आघाडीवर सरहद्द ओलांडून पुढे गेले होते.

दुसरा निकाल दुसऱ्याच दिवशी, ७ सप्टेंबरला लागला. डॉ. राममनोहर लोहियांना ऑगस्टमध्ये पाटण्यात पकडून त्याच नियमांखाली स्थानबद्ध करण्यात आले होते. जिल्हाधिकाऱ्याच्या आदेशात 'कायदा व सुव्यवस्था' असे शब्द होते. नियमात होते 'सार्वजनिक सुव्यवस्था'. शब्दाचा एवढाच फरक. न्या. हिदायतुल्ला यांनी तीन वर्तुळे कल्पिली. सर्वांत मोठे कायदा व सुव्यवस्थेचे, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचे, आणि सर्वांत आतले, सर्वांत लहान वर्तुळ राज्याच्या सुरक्षिततेचे. बाहेरच्या वर्तुळातील गोष्टीसाठी आतल्या वर्तुळाचे हत्यार वापरता येत नाही. लोहिया सुटले. ऐन युद्धाच्या दोन दिवसांत सर्वोच्च न्यायालयाने सरकारविरुद्ध दोन निकाल दिले आणि आघाडीवर त्याचा काहीही परिणाम झाला नाही, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

नूरानींच्या लेखनातील आग्रह याच जातीचा आहे. शब्द नेमका कोणता, अधिकार कोणाचा, आणि कागद कोठे? त्यांच्या लेखांत उताऱ्यांमागून उतारे येतात, पत्रांच्या तारखा येतात, परिशिष्टे येतात. सर्वसामान्य वाचकास ते रुक्ष वाटावे, यात नवल नाही. तथापि या रुक्षतेमागे एक लोकशाहीवादी निष्ठा होती. जो पुरावा मांडतो, तो आपल्याला खोडून काढण्याचे साधनही वाचकाच्या हाती देतो. सुरक्षिततेच्या नावाने बोलणारे सत्ताधारी नेमके हेच साधन देत नाहीत.

चीनच्या प्रश्नावरील त्यांचे लेखन या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. १९६३ साली, पराभवाची जखम ओली असताना, त्यांचे पुस्तक आले. त्याचे शीर्षक 'आमचा भाबडेपणा आणि निष्काळजीपणा' अशा अर्थाचे. शब्द राष्ट्रपती राधाकृष्णन यांचे. रोख अर्थातच सरकारच्या गाफीलपणावर. जवळजवळ अर्धशतकानंतर त्यांनी १८४६ ते १९४७ या काळातील भारत-चीन सीमेचा इतिहास लिहिला, तेव्हा अभिलेखागारातील कागद त्यांना वेगळ्याच ठिकाणी घेऊन गेले. १८४६ साली काश्मीर गुलाबसिंगाकडे गेले तेव्हापासून इंग्रजांनी लडाखच्या उत्तर-पूर्वेस निरनिराळ्या रेषा काढून पाहिल्या, परंतु चीनने मान्य केलेली अशी एकही रेषा तेथे नव्हती. स्वतंत्र भारताच्या सरकारने १९५० साली काढलेल्या नकाशातही हा भाग अनिश्चित सीमेचा म्हणूनच दाखविला होता. १ जुलै १९५४ रोजी नेहरूंनी एका टिपणाद्वारे आदेश दिला की जुने नकाशे मागे घ्यावेत, नव्या नकाशांत ठाम रेषा असावी, आणि ती चर्चेचा विषय मानू नये. या टिपणावर नूरानींनी पुन्हा पुन्हा बोट ठेवले. एप्रिल १९६० मध्ये चौ एन लाय दिल्लीस आले, तेव्हा पूर्वेकडे भारताची आणि पश्चिमेकडे चीनची मुख्य गरज लक्षात घेऊन तडजोड शक्य होती, ती संधी गेली, असे त्यांचे प्रतिपादन आहे.

हे मत सर्वांस पटणारे नाही. चीनने अक्साई चीनमधून रस्ता काढला तो भारतास न सांगता, आणि १९६२ साली आक्रमण केले ते चीननेच. तडजोडीची संधी गमावली म्हणून आक्रमणाचा दोष कमी होत नाही. परंतु नूरानींच्या मांडणीचे महत्त्व चीनला दोषमुक्त करण्यात नाही. ज्या प्रश्नावर हजारो जवान बर्फात पाठविले गेले, त्याची कागदपत्रे त्या जवानांच्या देशबांधवांनी वाचलेली नव्हती, ही त्यांची तक्रार होती. पराभवाची लष्करी चौकशी लेफ्टनंट जनरल हेंडरसन ब्रुक्स आणि ब्रिगेडियर भगत यांनी केली. तो अहवाल १९६३ साली सादर झाला. भारत सरकारने तो प्रसिद्ध केलेला नाही. त्याचा काही भाग २०१४ साली लोकांसमोर आला, तो एका परदेशी पत्रकाराने उघड केला म्हणून.

काश्मीरवरील त्यांच्या लेखनाचा येथे थोडक्यातच उल्लेख करता येईल. १९५३ च्या ऑगस्टमध्ये शेख अब्दुल्लांना पंतप्रधानपदावरून दूर करून पकडले गेले. नंतर भरलेला कटाचा खटला वर्षानुवर्षे चालून १९६४ साली मागे घेण्यात आला. १९६५ च्या मे महिन्यात परदेशातून परतताच त्यांना पुन्हा, या खेपेस भारत संरक्षण नियमांखाली, अटक झाली आणि उटकमंड व कोडाईकनाल येथे ठेवण्यात आले. ज्याच्यावर खटला टिकला नाही त्यास खटल्यावाचून ठेवणे, हा प्रतिबंधक स्थानबद्धतेचा खरा उपयोग येथे उघडा पडतो. पुढे ३७० व्या कलमाचा इतिहास लिहिताना नूरानींनी राष्ट्रपतींच्या एकेका आदेशाची मोजणी केली : केंद्रीय सूचीतील ९७ पैकी ९४ नोंदी आणि घटनेच्या ३९५ पैकी २६० कलमे त्या राज्यास लागू झाली होती. म्हणजे स्वायत्तता कागदावर उरली होती आणि तिचा आशय आदेशांनी काढून घेतला होता. ५ ऑगस्ट २०१९ रोजी कागदही गेला. नूरानींनी त्यास घटनाबाह्य म्हटले. सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर २०२३ रोजी तो निर्णय वैध ठरविला. न्यायालयात नूरानींची बाजू हरली, हे स्वच्छ सांगितले पाहिजे. त्यांनी गोळा केलेले दस्तऐवज मात्र ज्याला उद्या वेगळे मत बनवावयाचे असेल त्याच्यासाठी ठेवलेलेच आहेत.

महाराष्ट्रास सर्वांत जवळचा, आणि सर्वांत अवघड, असा त्यांचा ग्रंथ हैदराबादवरचा. २०१३ साली तो प्रसिद्ध झाला. १३ ते १७ सप्टेंबर १९४८ या पाच दिवसांत भारतीय सैन्याने निझामाचे राज्य संपविले. आजही मराठवाड्यात त्यास 'पोलीस ॲक्शन' म्हणतात. हैदराबादचे गाऱ्हाणे तेव्हा सुरक्षा परिषदेपुढे गेले होते. युद्ध म्हटले तर ते दोन राज्यांतले ठरते, पोलीस कारवाई म्हटले तर घरातले. नाव कायद्याच्या सोयीसाठी निवडलेले होते. त्यानंतर जे घडले त्याची चौकशी करण्यासाठी पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफार आणि मौलाना अब्दुल्ला मिसरी यांना पाठविले गेले. त्यांच्या अहवालाने, कारवाईच्या काळात आणि नंतर मारल्या गेलेल्यांची संख्या किमान २७ हजार ते ४० हजार असावी असा अंदाज दिला. सर्वाधिक झळ लागलेले चार जिल्हे म्हणून त्यात नावे आहेत उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड. मारले गेलेले बहुतेक मुसलमान होते. सरकारने हा अहवाल छापला नाही. नूरानींनी २००१ मध्ये त्यावर लिहिले आणि पुढे आपल्या ग्रंथाच्या परिशिष्टात तो संपूर्ण दिला.

उस्मानाबाद, म्हणजे आजचे धाराशिव, आणि नांदेड हे आपले जिल्हे. तेथील स्वातंत्र्यलढा हा महाराष्ट्राच्या इतिहासातील अभिमानाचा भाग आहे, आणि तसा तो राहावयास हवा. स्वामी रामानंद तीर्थ, गोविंदभाई श्रॉफ आणि सरहद्दीवरील कँपांतून लढलेले शेकडो तरुण निझामशाहीविरुद्ध उभे राहिले होते, मुसलमान शेजाऱ्याविरुद्ध नव्हे. रझाकारांनी जाळलेली गावे, लुटलेली घरे ही कल्पित गोष्ट नाही. कासीम रझवी लातुरात वकिली करणारा गृहस्थ होता, हेही विसरून चालणार नाही. नूरानींच्या ग्रंथाचे वैगुण्य येथे दिसते. संपलेल्या दरबारी संस्कृतीविषयीची हळहळ त्यात बरीच आहे. त्या दरबाराच्या जहागिरींत राबणाऱ्या कुळाचे, वेठबिगाराचे जग त्यात फारसे उमटत नाही. कागद जेथे असतात तेथेच इतिहास शोधणाऱ्या अभ्यासकाचा हा धोका आहे. गरिबांनी कागद ठेवलेले नसतात.

परंतु हे वैगुण्य दाखविल्याने अहवालातील आकडा कमी होत नाही. आणि त्याच अहवालात आणखी एक नोंद आहे. मुसलमानांना वाचविणारे हिंदूही ठिकठिकाणी निघाले. विशेषतः विणकरांविषयी अहवाल सांगतो की, हिंदू विणकरांनी आपल्या मुसलमान विणकर बांधवांचे रक्षण केले आणि त्याची जबर किंमत दिली. एका मागावर बसणाऱ्या माणसांनी दाखविलेले हे शौर्य अहवालासोबतच दप्तरात पुरले गेले. अहवाल दडपून सरकारने जखम चिघळू दिली नाही, असा बचाव केला जातो. विणकरांची कथा दडपल्याने कोणती जखम भरली, याचे उत्तर त्या बचावात नाही.

नूरानींनी जुने राजकीय खटलेही असेच उकरून काढले. भगतसिंगांच्या खटल्यावरील त्यांचे पुस्तक १९९६ चे. शिवराम हरी राजगुरू आपल्या मावळला लागून असलेल्या खेडचे, म्हणून या पुस्तकाकडे येथे वेगळ्या नजरेने पाहावे. लाहोर कटाचा खटला साध्या न्यायालयात रेंगाळला, तेव्हा १ मे १९३० रोजी व्हाइसरॉय आयर्विनने आणीबाणीच्या अधिकाराखाली वटहुकूम काढून खास न्यायाधिकरण नेमले. आरोपींच्या गैरहजेरीत खटला चालविण्याची सोय त्यात होती, उच्च न्यायालयात अपिलाची नव्हती. वटहुकुमाचे आयुष्य सहा महिन्यांचे, म्हणून ७ ऑक्टोबरला निकाल उरकण्यात आला. कसली आणीबाणी होती? आरोपी उपोषण करीत होते आणि न्यायालयात घोषणा देत होते, एवढीच.

याच्या उलट चित्र दाखविणारा एक खटलाही आहे, आणि नूरानींनी जीना व टिळक यांच्या संबंधांवर लिहिलेल्या पुस्तकाचा तो एक महत्त्वाचा विषय आहे. १९१६ च्या मे-जूनमध्ये लोकमान्यांनी बेळगाव आणि अहमदनगर येथे स्वराज्यावर मराठीत भाषणे दिली. पहिले महायुद्ध भरात होते. २३ जुलै रोजी, लोकमान्यांच्या साठाव्या वाढदिवशी, त्यांच्यावर नोटीस बजावण्यात आली. पुण्याच्या जिल्हा मॅजिस्ट्रेटने एक वर्षाच्या चांगल्या वर्तणुकीसाठी वीस हजारांचा मुचलका आणि दहा हजारांचे दोन जामीन मागितले. उच्च न्यायालयात बॅ. जीना टिळकांच्या वतीने उभे राहिले. न्या. बॅचेलर आणि न्या. शहा यांनी भाषणे सुट्या वाक्यांवरून न जोखता सबंध वाचली आणि ९ नोव्हेंबर १९१६ रोजी तो हुकूम रद्द केला. ते परकीय सरकारचे न्यायालय होते, आणि युरोपात सॉमच्या आघाडीवर त्याच आठवड्यांत ब्रिटिश सैनिक मरत होते.

साठ वर्षांनी, स्वकीयांच्या राज्यात, काय झाले? ३ डिसेंबर १९७१ रोजी पाकिस्तानच्या हल्ल्यामुळे आणीबाणी पुकारली गेली. १७ डिसेंबरला लढाई थांबली. पुढच्या जुलैत सिमला करार झाला. आणीबाणी चालूच राहिली. म्हणजे २५ जून १९७५ च्या रात्री 'अंतर्गत अशांतते'ची आणीबाणी आली, तेव्हा देशात आधीचीच एक लागू होती. आपल्याला स्मरते ती दुसरी. पहिली कोणाच्या लक्षातही नव्हती. साडेतीन वर्षे युद्धाविना चाललेल्या युद्धकालीन आणीबाणीची सवय झालेल्या देशाला दुसरीचे आश्चर्य किती वाटले असेल? मिसाखाली स्थानबद्ध झालेल्यांना न्यायालयात जाण्याचा अधिकार आहे असे मुंबईसह नऊ उच्च न्यायालयांनी म्हटले होते. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा मताने तो नाकारला. एकटे न्या. खन्ना वेगळे राहिले. बहुमतात पुण्याचे न्या. यशवंतराव चंद्रचूड होते. २०१७ साली हा निकाल चुकीचा ठरविणाऱ्या निकालपत्रावर त्यांच्या चिरंजीवांची सही आहे. मधली ४१ वर्षे तो पुस्तकात होता.

येथे एक आक्षेप उभा राहतो, आणि तो टाळता येत नाही. देशावर खरोखरीच हल्ले होतात. मुंबईने २६ नोव्हेंबर २००८ पाहिले आहे. बंदुका घेऊन येणाऱ्यांशी कलमांची भाषा बोलावयाची काय? याचे उत्तर मुंबईनेच दिलेले आहे. जिवंत सापडलेल्या एकमेव हल्लेखोरावर आर्थर रोड तुरुंगातील न्यायालयात खटला चालला. त्यास वकील मिळाला, साक्षी झाल्या, उलटतपासण्या झाल्या, सर्वोच्च न्यायालयापर्यंत अपील झाले आणि २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्यास शिक्षा अमलात आली. त्याच खटल्यातील दोन सहआरोपी पुराव्याअभावी निर्दोष सुटले. आरोपांत बेकायदा कारवाया प्रतिबंधक कायद्याचीही कलमे होती, हे खरे. पण शिक्षा झाली ती पुराव्यावर. ज्या तुरुंगाने संझगिरींचे अणुविज्ञान अडवून धरले, त्याच आवारात हे घडले.

हल्ल्यानंतर काही आठवड्यांतच मात्र बेकायदा कारवाया प्रतिबंधक कायदा कडक करण्यात आला. जामीन जवळजवळ अशक्य झाला. २०१९ साली संघटनेप्रमाणे व्यक्तीसही दहशतवादी घोषित करण्याचा अधिकार सरकारने घेतला. कायदा मुळात १९६७ चा. ज्या महिन्यांत १९६२ ची आणीबाणी अखेर उठविण्याची वेळ आली, त्याच सुमारास तो संमत झाला, हा निव्वळ योगायोग मानणे कठीण आहे. एल्गार परिषद प्रकरणातील वयोवृद्ध फादर स्टॅन स्वामी खटला उभा राहण्यापूर्वीच ५ जुलै २०२१ रोजी मुंबईत, कोठडीत असतानाच, मरण पावले. २०२५ च्या जुलैत महाराष्ट्र विधिमंडळाने जनसुरक्षा विधेयक मंजूर केले. लोहियांच्या खटल्यातील तीन वर्तुळे आता एकमेकांत पुरती मिसळली आहेत.

या साऱ्याचा दोष एका पक्षावर ढकलून समाजवाद्यांना मोकळे होता येणार नाही. मिसाविरुद्ध लढलेल्या आणि बेड्यांसह छायाचित्र निघालेल्या जॉर्ज फर्नांडिस यांचा समावेश असलेल्या मंत्रिमंडळानेच २००२ साली पोटा आणला. आणि त्याआधीची एक गोष्ट तर अधिक बोचणारी आहे. आणीबाणीनंतर सत्तेवर आलेल्या जनता सरकारने १९७८ साली ४४ वी घटनादुरुस्ती केली. 'अंतर्गत अशांतता' हे शब्द जाऊन 'सशस्त्र उठाव' आले. जगण्याचा हक्क आणीबाणीतही स्थगित करता येणार नाही, असे ठरले. त्याच दुरुस्तीच्या तिसऱ्या कलमाने प्रतिबंधक स्थानबद्धतेवर बंधने घातली : सल्लागार मंडळावाचून ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोनवर, मंडळाची निवड उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीने, अध्यक्ष कार्यरत न्यायाधीश. संसदेने हे मंजूर केले, राष्ट्रपतींनी सही केली. अमलात आणण्यासाठी फक्त सरकारी अधिसूचना हवी होती. जून १९७९ मध्ये बहुतेक कलमांची अधिसूचना निघाली, तिसऱ्या कलमाची निघाली नाही. तेव्हा मंत्रिमंडळात तुरुंगातून आलेले अनेकजण होते. १९८१ साली, राष्ट्रीय सुरक्षा कायद्याच्या खटल्यात, हे कलम लागू करण्याचा आदेश सरकारला द्यावा अशी मागणी सर्वोच्च न्यायालयापुढे आली. सरन्यायाधीश चंद्रचूड यांच्या घटनापीठाने तसा आदेश देण्यास नकार दिला. त्यानंतर दिल्लीत काँग्रेसची सरकारे आली, जनता दलाचे आले, संयुक्त आघाडीचे आले, भारतीय जनता पक्षाची आली. अधिसूचना कोणीही काढलेली नाही.